हॉलिडे पार्कातले एव्हर्ट सर : क्रिस एव्हर्ट यांना खुलं पत्र

आदरणीय क्रिसताई,



तुमचे वडील जिमी एव्हर्ट १९४८ साली फ्लोरिडातल्या फोर्ट लॉडरडेलला, हॉलिडे पार्कमध्ये टेनिस शिकवायला लागले आणि १९९७ साली थांबले. ही ४९ वर्षं झाली. तेवढ्या काळात तुम्ही जन्मलात, त्याच कोर्टांवर रॅकेट धरायला शिकलात, एकेरीची १८ ग्रँड स्लॅम विजेतेपदं मिळवलीत, १९८९ मध्ये निवृत्त झालात, आई झालात. सर होते तिथेच राहिले. १९७५ साली महिला टेनिसची संगणकीय क्रमवारी सुरू झाली तेव्हा तिच्यात सगळ्यात वर पहिलं नाव लागलं ते त्यांच्या मुलीचं. त्यानंतरही वीस-बावीस वर्षं हा माणूस गावच्या सार्वजनिक बागेत, ज्यांचा चेंडू अजून धड नेटपलीकडे जात नाही अशा पोरांना शिकवत होता. या एका गोष्टीसाठी मी तुम्हाला लिहितो आहे.

मी महाराष्ट्रातल्या एका जिल्ह्याच्या गावी मुलांना टेनिस शिकवतो. माझी मुलगीही त्याच मुलांत खेळते. ऐंशीच्या दशकात दूरदर्शनवर विम्बल्डन दिसायला लागलं तेव्हा आमच्या पिढीने तुम्हाला पाहिलं. समोर मार्टिना नवरातिलोवा असायची, बहुधा तीच जिंकायची, आणि आमच्या घरातली निम्मी माणसं तरीही तुमच्या बाजूची असायची. तुमचे वडील त्या पडद्यावर कधी दिसले नाहीत. त्यांच्याकडे माझं लक्ष गेलं ते पुढे, स्वतः शिकवायला लागल्यावर.

सर शिकागोचे. लहानपणी तिथल्या एका क्लबात चेंडू उचलून देणारा मुलगा म्हणून ते टेनिसच्या जवळ आले. १९४० मध्ये अमेरिकेची कनिष्ठ गटाची इनडोअर स्पर्धा त्यांनी जिंकली, नोत्र दाम विद्यापीठात टेनिसच्या शिष्यवृत्तीवर शिकले, १९४७ मध्ये कॅनडाचं एकेरीचं विजेतेपद मिळवलं. म्हणजे खेळाडू म्हणूनही ते सामान्य नव्हते. पण टेनिसमध्ये उघडपणे बक्षिसाची रक्कम मिळायला लागली १९६८ साली. त्याआधी मोठ्या स्पर्धा हौशी खेळाडूंच्या होत्या. घरचं बरं असेल त्याने खेळत राहावं, बाकीच्यांनी पोटापाण्याचं पाहावं. सरांनी शिकवण्याची नोकरी धरली, आणि तीही श्रीमंत क्लबात न धरता सार्वजनिक बागेत.

सार्वजनिक हा शब्द मी जपून वापरतो. १९४८ च्या फ्लोरिडात वर्णभेद कायद्याने चालत होता, तेव्हा अशा बागांचं दार सगळ्यांना सारखं उघडं नव्हतं. त्याच काळात व्हर्जिनियातल्या लिंचबर्गमध्ये डॉ. रॉबर्ट वॉल्टर जॉन्सन आपल्या घरच्या कोर्टावर कृष्णवर्णीय मुलांना शिकवत होते, कारण त्या मुलांना इतरत्र खेळू देत नसत. अल्थिया गिब्सन आणि आर्थर अ‍ॅश त्यांच्याच हाताखालून गेले. अमेरिकेतल्या सार्वजनिक कोर्टांबद्दल बोलताना हे सांगितल्याशिवाय पुढे जाऊ नये असं मला वाटतं. तरीसुद्धा क्लबाच्या सभासदत्वाशिवाय, तासाचे पैसे भरून खेळता येईल असं कोर्ट आणि तिथे पूर्ण वेळ उभा असलेला जाणता शिक्षक, ही जोडी त्या काळी दुर्मिळ होती आणि आजही आहे. हॅरॉल्ड सॉलोमन आणि ब्रायन गॉटफ्रीड हे दोघेही सरांकडे शिकले. सॉलोमन १९७६ साली फ्रेंच स्पर्धेच्या अंतिम फेरीत पोचले, गॉटफ्रीड १९७७ साली. लागोपाठ दोन वर्षं पॅरिसच्या अंतिम सामन्यात खेळलेल्या पुरुषांपैकी एक जण तुमच्या वडिलांचा विद्यार्थी होता. ही गोष्ट पुरेशी सांगितली जात नाही, कारण तुमच्या नावाच्या उजेडात ती दिसत नाही.

आता तुमच्या बॅकहँडबद्दल. यावर मला सविस्तर लिहायचं आहे, कारण माझ्या मते सरांचं शिक्षकपण इथे सगळ्यात स्पष्ट दिसतं.

तुम्ही सहा वर्षांच्या आसपास खेळायला लागलात. रॅकेट लाकडी, वजनाला पावणेचारशे ग्रॅमच्या आगेमागे. एवढ्या मुलीच्या एका हाताने ती बॅकहँडला फिरेना, म्हणून तुम्ही दुसरा हात लावलात. सरांना ते पसंत नव्हतं. पुढे त्यांनीच सांगितलं आहे की हा फटका त्यांनी शिकवलेला नाही, थोडी ताकद आली की मुलगी एका हातावर येईल अशी त्यांची अपेक्षा होती. त्या काळचं शास्त्र तेच सांगत होतं. पुरुषांत दक्षिण आफ्रिकेचे क्लिफ ड्राइसडेल दोन हातांनी बॅकहँड मारत, पण तो अपवाद समजला जाई. महिलांत तर तो फटका जवळपास नव्हताच. दोन हातांनी पल्ला कमी होतो, बाजूला गेलेल्या चेंडूपर्यंत पोचायला एक पाऊल जास्त टाकावं लागतं, नेटजवळ व्हॉलीला अडचण होते. हे सगळे आक्षेप खरे आहेत. मी आजही मुलांना ते सांगतो.

सरांनी काय केलं? फटका राहू दिला आणि त्याच्याभोवतीचं सगळं घडवलं. पल्ला कमी आहे ना, मग पाय लवकर हलले पाहिजेत. रॅकेट चेंडू नेटपलीकडे असतानाच मागे गेली पाहिजे. चेंडू शरीराच्या पुढे, कमरेच्या उंचीवर मिळाला पाहिजे. किराणा दुकानातल्या ढकलगाडीत चेंडू भरायचे, ती गाडी कोर्टावर आणायची आणि एकामागून एक चेंडू टाकत राहायचं, ही त्यांची पद्धत. हॉलिडे पार्कातली कोर्टं हिरवट मातीची, म्हणजे अमेरिकेत हार-ट्रू म्हणतात त्या क्लेची. त्या मातीवर चेंडूचा वेग मरतो आणि तो जरा उंच उठतो, त्यामुळे जोर लावून गुण मिळत नाही. वीस वेळा चेंडू परत द्यावा लागतो आणि एकविसाव्या वेळीही तेवढ्याच अचूकपणे द्यावा लागतो. दुबळ्या मनगटाच्या पण चिकाटीच्या मुलीला याहून चांगली जागा मिळाली नसती.

त्या मातीने काय दिलं ते सगळ्यांना माहीत आहे. ऑगस्ट १९७३ ते मे १९७९ या काळात क्लेवर तुम्ही सलग १२५ सामने जिंकलात. ही साखळी तुटली ती रोममध्ये, ट्रेसी ऑस्टिनसमोर, तीही तिसऱ्या सेटच्या टायब्रेकरमध्ये. १९७५ ते १९७७ ही तीन वर्षं अमेरिकन ओपन हार-ट्रूवर खेळली गेली आणि तिन्ही वर्षं तुम्ही जिंकलात. मला त्याहून मोठं वाटतं ते नंतर जगभरच्या मुलींच्या हातांत दिसलं. तुम्ही, जिमी कॉनर्स आणि ब्यॉर्न बोर्ग या तिघांनंतर दोन हातांचा बॅकहँड अपवाद राहिला नाही. आज माझ्याकडे येणाऱ्या मुलांना एका हाताचाच मुद्दाम दाखवावा लागतो. शिक्षकाला जो फटका चुकीचा वाटत होता, तोच त्याने आपल्या विद्यार्थिनीत राहू दिला आणि त्यातून खेळाची रीत बदलली. शिकवणाऱ्याच्या अंगी एवढा धीर असणं फार अवघड असतं. समोर पोटची मुलगी असेल तर आणखीच अवघड, कारण तिच्या चुका आपल्याच नावावर लागतील ही भीती बापाला असतेच.

सरांच्या शिकवण्यात उणिवा नव्हत्या असं मी म्हणणार नाही. तुमचा खेळ बेसलाइनवर उभा होता, नेट हा तुमचा प्रांत नव्हता, सर्व्हिसही धारदार नव्हती. नवरातिलोवाने १९८० च्या दशकात नेमकं तिथेच बोट ठेवलं आणि एकदा तर तुम्हाला ओळीने १३ वेळा हरवलं. मग तुम्ही वजनं उचललीत, लाकडी रॅकेट सोडून ग्रॅफाइटची घेतलीत, नेटकडे यायला शिकलात आणि १९८५ साली पॅरिसच्या अंतिम सामन्यात ६-३, ६-७, ७-५ असं तिला हरवलंत. तिशी गाठलेल्या खेळाडूने आपला खेळ असा उसवून पुन्हा शिवावा, हे मी दुसरीकडे फार थोडं पाहिलं आहे. ते बदल हॉलिडे पार्कात शिकलेले नव्हते. पण बदल पचवायला लागणारी रोजच्या सरावाची सवय तिथलीच होती.

आता पैशांची गोष्ट. १९७० साली, १५ वर्षांच्या वयात, शार्लटच्या एका छोट्या स्पर्धेत तुम्ही मार्गारेट कोर्टला ७-६, ७-६ असं हरवलंत. कोर्टने त्याच महिन्यात वर्षातली चारही ग्रँड स्लॅम पूर्ण केली होती. पुढच्या वर्षी अमेरिकन ओपनची उपांत्य फेरी. साऱ्या देशाला तुमचं नाव माहीत झालं, आणि तुम्ही परत शाळेत गेलात. १९७२ साली घराजवळच्या बोका रॅटनला व्हर्जिनिया स्लिम्सची वर्षअखेरची मोठी स्पर्धा तुम्ही जिंकलीत. बक्षीस होतं २५,००० डॉलर. हौशी खेळाडू असल्यामुळे त्यातला एक डॉलरही तुम्हाला मिळाला नाही. त्यानंतर लवकरच, १८ वा वाढदिवस आला तेव्हा, तुम्ही व्यावसायिक झालात. घरात पाच मुलं, वडील तासांवर शिकवणारे, आणि त्या घराने ही रक्कम जाऊ दिली.

याच्या शेजारी मला जेनिफर कॅप्रियातीची गोष्ट ठेवावीशी वाटते. तीही अगदी लहानपणी हॉलिडे पार्कात तुमच्या वडिलांकडे शिकली. १९९० च्या मार्चमध्ये, १४ वर्षंही पूर्ण नसताना, ती व्यावसायिक झाली, तीही त्याच बोका रॅटनमध्ये, आणि पहिल्याच स्पर्धेत अंतिम फेरीत पोचली. पाठीशी जाहिरातींचे मोठे करार होते. १९९२ मध्ये ऑलिम्पिक सुवर्ण, आणि १७ व्या वर्षी खेळापासूनच दूर. १९९५ पासून महिला टेनिस संघटनेने लहान वयाच्या मुलींनी वर्षाला किती स्पर्धा खेळाव्यात यावर मर्यादा घातली, त्यामागे तिचं उदाहरण सगळ्यांच्या डोळ्यांपुढे होतं. जेनिफर पुढे परत आली आणि २००१ मध्ये ऑस्ट्रेलियन आणि फ्रेंच स्पर्धा जिंकली, याचा मला मनापासून आनंद आहे. पण एकाच बागेतून निघालेल्या दोन मुलींपैकी एकीला १८ वर्षांपर्यंत मोठं व्हायला वेळ मिळाला आणि दुसरीला मिळाला नाही. याचा दोष मी एका घरावर टाकत नाही. १९७२ साली टेनिसमधला पैसा हात आखडून येत होता, १९९० साली तो मुलीच्या दारात येऊन उभा होता. तरीही नाही म्हणणारं कुणीतरी घरातच असावं लागतं. बाहेरचं कुणी ते म्हणत नाही.

टेनिसमधल्या बापांबद्दल बरंच लिहिलं गेलं आहे आणि त्यातलं पुष्कळसं वाचवत नाही. मेरी पिअर्सच्या वडिलांना १९९३ साली स्पर्धांच्या आवारात यायलाच बंदी करावी लागली होती. सर तुमच्या सामन्यांना फारसे येतच नसत. त्यांना ताण सहन होत नसे. तुमच्याबरोबर प्रवास करायच्या त्या तुमच्या आई, कोलेट. मोठ्या स्पर्धेत मुलगी खेळते आहे आणि तिला घडवणारा माणूस शेकडो मैलांवर आपल्या पार्कात दुसऱ्याच कुणाचा फोरहँड सुधारतो आहे, असं कितीतरी वेळा झालं असेल.

इथे एक गोष्ट बोलायलाच हवी. १९७४ साली विम्बल्डनची दोन्ही एकेरी विजेतेपदं ज्यांनी मिळवली त्या दोघांनाही आईवडिलांपैकीच कुणीतरी शिकवलं होतं: तुम्हाला सरांनी, जिमी कॉनर्सना त्यांच्या आईने, ग्लोरिया कॉनर्स यांनी. ग्लोरियाबाई स्वतः चांगल्या खेळाडू, पेशाने शिक्षिका. त्या मुलाच्या सामन्यांना येत, मोठ्याने प्रोत्साहन देत. त्यांच्या वाट्याला टिंगल आली आणि सरांच्या वाट्याला आदर. सरांचा आदर रास्तच आहे. पण ग्लोरियाबाईंवर अन्याय झाला असं माझं ठाम मत आहे. गप्प बसणारा बाप शहाणा आणि ओरडणारी आई आगाऊ, हा न्याय आमच्याकडच्या कोर्टांवरही चालतो. मुलांना दुचाकीवर मागे बसवून आणणाऱ्या, दोन तास कुंपणापाशी उभ्या राहणाऱ्या आयांना मी रोज पाहतो, म्हणून हे लिहिल्यावाचून राहवलं नाही.

आणि सरांचा कडकपणा. तो तुम्ही कधी लपवला नाहीत. वडील शिस्तीचे होते, त्यांचा धाक होता, मैत्रिणींबरोबर खेळायच्या वेळी कोर्टावर जावं लागायचं, हे तुम्ही मोकळेपणाने सांगितलं आहे. कोर्टावर चेहऱ्यावर काही दिसू द्यायचं नाही, ही त्यांचीच शिकवण. त्यामुळे समोरच्या खेळाडूला तुमच्या मनाचा थांग लागत नसे, आणि त्याच चेहऱ्यामुळे वर्तमानपत्रांनी तुम्हाला थंड म्हटलं. एका विशीतल्या मुलीला हे नाव किती वर्षं वागवावं लागलं असेल! जिंकणं आणि वडिलांना खूश करणं या दोन गोष्टी लहान मुलीच्या मनात वेगळ्या राहत नाहीत. हे मी माझ्या मुलीकडे पाहूनच सांगू शकतो. फटका मारून झाला की ती आधी चेंडू कुठे पडला ते पाहत नाही, माझ्याकडे पाहते.

म्हणूनच ही विनंती. तुमचं आत्मकथन १९८२ साली आलं, तेव्हा तुम्ही खेळत होता आणि ते पुस्तक खेळाडूचं होतं. आता वडिलांवर लिहा. सर २०१५ च्या ऑगस्टमध्ये गेले, ९१ व्या वर्षी. हॉलिडे पार्कातल्या टेनिस केंद्राला त्यांचं नाव आहे. तुमचे भाऊ जॉन आणि तुम्ही मिळून बोका रॅटनला अकादमी उभी केलीत. मॅडिसन कीज दहा वर्षांची असताना तिथे आली आणि २०२५ साली तिने ऑस्ट्रेलियन ओपन जिंकली. शिकवण्याचा हा धागा तुटलेला नाही. पण खुद्द सरांचं शिकवणं कागदावर फारसं उतरलेलं नाही. ग्रिप कशी धरावी, पाय कुठे ठेवावा याची पुस्तकं माझ्याकडे आहेत. ४९ वर्षं रोज नव्या मुलासमोर तोच फोरहँड पहिल्यापासून कसा दाखवत राहावा, हे त्यांतल्या एकाही पुस्तकात नाही.

हे काम तुम्ही एकटीने करू नये असंही सुचवतो. तुम्हा पाचही भावंडांना त्यांनी शिकवलं आणि पाचही जण चांगलं खेळलात. पण जगाने नाव लक्षात ठेवलं एकीचं. तुमची बहीण जीन तर स्वतः व्यावसायिक खेळाडू होती. २०२० साली ती कर्करोगाने गेली आणि तिच्या जनुकीय तपासणीमुळेच पुढे तुमचाही कर्करोग वेळेत कळला, हे तुम्ही जगाला सांगितलंत. त्यामुळे कितीतरी बायकांनी तपासणी करून घेतली असेल. जीनची बाजू आता तुम्हालाच लिहावी लागेल. ड्रू, जॉन आणि क्लेअर यांना आपापली बाजू लिहू द्या. जगज्जेत्या बहिणीच्या घरात, त्याच शिक्षकाच्या हाताखाली वाढणं कसं होतं, आणि सर त्यांच्याशी वेगळं वागायचे की सारखंच, हे त्यांच्याकडूनच कळायला हवं. हॉलिडे पार्कात शिकून पुढे टेनिसमध्ये काहीही न झालेली हजारो माणसं फ्लोरिडात असतील. कुणी वकील असेल, कुणी दुकानदार. त्यांनाही विचारा. शिक्षकाचा खरा हिशेब त्यांच्याकडे असतो.

आणि एक प्रकरण माझ्यासारख्यांसाठी ठेवा, ज्यांचं मूल त्यांच्याच कोर्टावर खेळतं त्या आईबापांसाठी. सराव संपला, तुम्ही आणि सर पार्कातून घरी निघालात, तर वाटेत टेनिसचा विषय निघायचा का? हरलेल्या दिवशी कोण आधी बोलायचं? आणि घरात शिरल्यावर ते पुन्हा नुसते वडील व्हायला किती वेळ लागायचा?

उत्तराची वाट पाहतो.

आपला,
महाराष्ट्रातला एक टेनिस शिक्षक